बेन-हरमधला तो घोडेवाला शेख: ह्यू ग्रिफिथ नावाचा वेल्श नट

प्रश्न थोडक्यात असा आहे: "बेन-हर पाहिला. त्यात घोडेवाला शेख करणारा नट साडेतीन तासांच्या सिनेमात जेमतेम काही सीनमध्ये दिसतो, तरी ऑस्कर त्याला कसं काय? तो आधी आणि नंतर काय करत होता? मी स्वतः एकांकिका करतो, चेहरा हिरोचा नाही, अशा नटाचं करिअर कसं असतं?"

मी बरीच वर्षं नाटकात चरित्र भूमिका करतोय, हल्ली नव्या मुलांबरोबर आवाजावर आणि संहितेवर कामही करतो, आणि हा नट मी मुलांना हमखास दाखवतो. त्यामुळे उत्तर लांबणार आहे, सावकाश वाच.

त्याचं नाव ह्यू ग्रिफिथ. वेल्सच्या उत्तरेला अँगल्सी नावाचं बेट आहे, तिथल्या मरियान-ग्लास या गावी ३० मे १९१२ ला जन्म. घरची भाषा वेल्श. त्याची मोठी बहीण एलेन रॉजर जोन्स, तीही पुढे वेल्श भाषेतली मोठी अभिनेत्री झाली. शाळेत हा इंग्रजीच्या परीक्षेत नापास झाला, त्यामुळे युनिव्हर्सिटीचा रस्ता बंद झाला आणि बँकेत क्लार्क म्हणून चिकटला. पण नाटकाचं वेड सुटेना, म्हणून लंडनला बदली घेतली, म्हणजे ड्रामा स्कूलच्या जवळ तरी राहता येईल, आणि शेवटी राडा या नाट्यशाळेत शिरला. तिथून बॅन्क्रॉफ्ट गोल्ड मेडल घेऊन बाहेर पडला. आता करिअर सुरू होणार तेवढ्यात दुसरं महायुद्ध लागलं. रॉयल वेल्श फ्युझिलिअर्स या पलटणीत गेला, भारतात आणि ब्रह्मदेशात राहिला, आणि स्टेजवर परत आला तो थेट १९४६ मध्ये. वय ३४. हे वय लक्षात ठेव, कारण तुझ्या वयाची मुलं पंचविशीतच आपलं काही होणार नाही म्हणून हातपाय गाळतात. या माणसाची खरी सुरुवात चौतिसाव्या वर्षी झाली, मधली सगळी वर्षं लष्करात गेली, आणि त्याबद्दल कुणी त्याला सवलत दिली नाही.

आता शेखकडे येऊ. बेन-हर आला १९५९ मध्ये, डायरेक्टर विल्यम वायलर. बारा नॉमिनेशन, अकरा ऑस्कर. त्यातलं सहाय्यक अभिनेत्याचं ह्यू ग्रिफिथला. त्या वर्षी त्याच्यासमोर जॉर्ज सी. स्कॉट होता, आर्थर ओ'कॉनेल होता, एड विन होता, रॉबर्ट वॉन होता, म्हणजे मैदान मोकळं नव्हतं. काही लोक म्हणतात की सिनेमाला सगळंच मिळत होतं त्या ओघात यालाही मिळालं. मला ते अजिबात पटत नाही आणि का ते सांगतो.

तंबूतला सीन पुन्हा लावून बघ. सिनेमाचा नायक ज्यूडा बेन-हर पाहुणा म्हणून बसलाय, जेवण झालंय. शेख मोठ्ठा ढेकर देतो आणि मग पाहुण्याकडे बघत राहतो. पाहुणा गप्प. शेखच्या चेहऱ्यावर खरीखुरी काळजी, जेवण आवडलं नाही की काय! मग पाहुण्याच्या लक्षात येतं, तोही ढेकर देतो, आणि शेखचा चेहरा खुलतो. हा विनोद म्हणून लिहिलेला तुकडा आहे आणि बहुतेक नट तो विनोद म्हणूनच करतील, ढेकर मोठा काढतील, डोळे फिरवतील. ग्रिफिथ तिथे यजमान खेळतो. त्याला पाहुण्याच्या पोटाची खरंच चिंता आहे. हसू येतं ते त्या चिंतेचं.

आणि त्यानंतर पडदा बाजूला होऊन ते चार पांढरे घोडे तंबूत येतात. रात्री झोपायच्या आधी बापाला भेटायला मुलं यावीत तसे. अल्डेबरान, अल्टेअर, अँटारेस, रायगेल, चौघांची नावं ताऱ्यांची. शेख एकेकाला हाताने गोंजारतो, त्यांच्या तोंडाशी तोंड नेऊन बोलतो, पाहुण्याची ओळख करून देतो, आणि शेवटी झोपायला पाठवतो. यात बघायचं काय, तर त्याचे हात. हात एकदाही अभिनय करत नाहीत, नुसते घोड्यावर फिरतात, मानेखालून, कानामागून, जिथे घोड्याला बरं वाटतं तिथे. डोळे मात्र ज्यूडावर, कारण याला आपले घोडे कळतात की नाही हे त्याला ताडायचंय. म्हणजे प्रेम हातात आणि धंदा डोळ्यात, दोन्ही एकाच वेळी चालू. ज्यूडा जेव्हा शर्यतीच्या रथाला कोणता घोडा कुठे जुंपायचा ते सांगतो तेव्हा शेखचा चेहरा पुन्हा बघ.

मग रोमन लोकांच्या हमामातला, रथांच्या शर्यतीवरच्या पैजेचा सीन. शेख पैशाची पेटी घेऊन आत येतो, समोर ज्यूडाचा शत्रू मेसाला आणि त्याचे रोमन दोस्त, सगळे त्याला हसायला तयार. तो त्यांना हसू देतो. त्यांच्या मधून फिरतो, लाडीगोडी लावतो, मध्येच अपमान गिळतो, आणि एकास चार अशा भावाने मेसालाला अडकवून निघून जातो. संपूर्ण सीन आवाजावर आहे. आवाज आधी मधाळ, मग थोडा चिडवणारा, आणि आकडा ठरतो त्या क्षणी एकदम कोरडा, बाजारातल्या माणसाचा.

एक गोष्ट स्पष्ट सांगायला हवी. वेल्श माणसाने चेहरा काळसर रंगवून अरब करणं हे आज कुणी करू नये आणि करणारही नाही. त्या काळी हॉलिवूडमध्ये हे सर्रास चालायचं, पुढच्याच वर्षी एक्झोडसमध्ये त्याने सायप्रसचा माणूस केला. अरब माणूस म्हणजे ढेकर, घोडे, बायका, सौदेबाजी, हे लिखाणातलं चित्रच उथळ आहे. त्याची बायका आणि देव यांवरची वाक्यं तर आज ऐकताना नको वाटतात. पण त्या उथळ साच्यात एक जिवंत माणूस उभा राहिला तो नटामुळे. हे दोन्ही खरं आहे आणि दोन्ही एकदम बोललं पाहिजे, एक बोलायचं म्हणून दुसरं झाकू नये.

आता हे कुठून आलं? सिनेमातून नाही, हे मला मनापासून वाटतं. ते स्टेजवरून आलं आणि त्याच्याही आधी वेल्समधून आलं. वेल्श गावांमध्ये चॅपेलचे, म्हणजे छोट्या चर्चचे, धर्मोपदेशक असायचे, ते बोलता बोलता सुरात जायचे, गद्यातून हळूच गाण्याच्या काठावर आणि परत, आपल्याकडे चांगला कीर्तनकार पूर्वरंगात करतो ना तसं. शिवाय आयस्टेथव्हॉड म्हणून कविता, पठण आणि गायनाच्या स्पर्धांची मोठी परंपरा, लहान पोरंसुद्धा लोकांसमोर उभी राहून कविता म्हणतात. म्हणजे आवाज, पाठांतर आणि समोरच्या गर्दीची भीती नसणं हे सगळं घरचंच. पण व्यावसायिक नाटक करायचं तर वेल्समध्ये तेव्हा राष्ट्रीय रंगभूमी नव्हती, ती व्हायला एकविसावं शतक उजाडलं. त्यामुळे जो उठला तो लंडनला. एमलिन विल्यम्स गेला, रिचर्ड बर्टन गेला, रेचल रॉबर्ट्स गेली, आणि हाही गेला.

१९४६ पासून तो स्ट्रॅटफर्डला, शेक्सपिअरच्या जन्मगावी, शेक्सपिअर करायला लागला. चाळिशीच्या आत स्वान्सीला किंग लिअरसुद्धा केला. पण मला त्याच्या करिअरमधलं सगळ्यात महत्त्वाचं वर्ष १९५१ वाटतं. ब्रिटनभर फेस्टिव्हल ऑफ ब्रिटन चालू होता आणि स्ट्रॅटफर्डला शेक्सपिअरची राजांची नाटकं एकापाठोपाठ एक मालिकेसारखी लावली होती. मायकल रेडग्रेव्ह, अँथनी क्वेल, हॅरी अँड्र्यूज, आणि पंचविशीतला बर्टन राजपुत्र हॅलच्या भूमिकेत. त्यात ग्रिफिथला एकाच सीझनमध्ये तीन कामं: रिचर्ड दुसरा मधला मरणाच्या दारातला म्हातारा जॉन ऑफ गाँट, हेन्री चौथा मधला ग्लेंडाॅवर, आणि टेम्पेस्टमधला कॅलिबन. एक देशासाठी तळमळणारा म्हातारा सरदार, एक जादूटोण्याचा दावा करणारा वेल्श राजा, एक जनावर की माणूस कळत नाही असा गुलाम. तिशीच्या शेवटी असलेल्या नटाला आठवड्यात आलटून पालटून हे तिन्ही करायचे म्हणजे काय दमसास लागत असेल विचार कर.

ग्लेंडाॅवरवर जरा थांबतो. हा इतिहासातला खरा माणूस, ओवाइन ग्लिंडूर, इंग्लंडविरुद्ध बंड केलेला वेल्श राजा. नाटकात तो म्हणतो मी पाताळातली भुतं बोलावू शकतो, आणि बंडातला त्याचा इंग्रज साथीदार हॉटस्पर त्याची टर उडवतो, बोलावशील रे पण ती येतील का? इंग्रज नट हा माणूस बहुतेक वेळा फुशारकी मारणारा म्हणून करतात आणि प्रेक्षक हॉटस्परच्या बाजूने हसतात. पण त्याच सीनमध्ये पुढे ग्लेंडाॅवरची मुलगी वेल्शमध्ये बोलते, तिला इंग्रजी येत नाही, तिच्या नवऱ्याला वेल्श येत नाही, आणि बाप दोघांमध्ये दुभाषा होतो. गंमत म्हणजे शेक्सपिअरने ती वेल्श वाक्यं लिहिलेलीच नाहीत, तिथे नुसती सूचना आहे की ती वेल्शमध्ये बोलते. जागा मोकळी सोडलेली आहे. अशा जागी ज्याची मातृभाषाच वेल्श आहे असा नट उभा असला की पारडं फिरतं, टर उडवणारा हॉटस्पर परका वाटायला लागतो. १९५१ मध्ये तो हॉटस्पर रेडग्रेव्हने केला होता. आणि तेरा वर्षांनी, १९६४ मध्ये, शेक्सपिअरच्या चारशेव्या जन्मवर्षी त्याच नाटकात ग्रिफिथने फॉल्स्टाफ, म्हणजे हॅलचा लठ्ठ, दारुडा, म्हातारा सोबती केला, समोर इयन होमचा राजपुत्र हॅल. चरित्र नटाचं करिअर असं चालतं. हिरोला एखादी भूमिका एका वयात मिळते आणि वय गेलं की ती हातातून जाते, आपल्याला त्याच नाटकात वयाप्रमाणे पुढची खोली उघडून मिळते.

यानंतर रेडिओ. २५ जानेवारी १९५४ ला बीबीसीवर वेल्श कवी डिलन थॉमसचं अंडर मिल्क वुड हे नभोनाट्य पहिल्यांदा प्रसारित झालं, कवी स्वतः आधीच्या नोव्हेंबरात वारला होता. निवेदक बर्टन. आंधळा कॅप्टन कॅट ह्यू ग्रिफिथ. हा म्हातारा खलाशी खिडकीत बसून गावातल्या माणसांना पावलांच्या आवाजावरून ओळखतो आणि झोपेत त्याला बुडालेले सोबती आणि मेलेली प्रेयसी भेटतात. तुला मी एवढंच सांगीन, हे रेकॉर्डिंग मिळालं तर अंधारात ऐक. ग्रिफिथचे ते बटबटीत डोळे, जाडजूड भुवया, मोठं नाक, ज्याच्या जिवावर त्याला सिनेमात कामं मिळाली असं लोक म्हणतात, ते इथे काहीच नाही, नुसता आवाज. आणि तो प्रेयसीशी बोलतो तेव्हा आवाज म्हातारा राहतो पण त्यातला माणूस तरुण होतो. आवाज बदलून तरुण करणं सोपं आहे, आपल्याकडे रेडिओवर ते सगळे करतात. तो मोह त्याने टाळला.

मग ब्रॉडवे, म्हणजे न्यूयॉर्कची व्यावसायिक रंगभूमी. १९५१ च्या अखेरीस बर्टनबरोबर एक नाटक करून आला होता, पण मोठं काम झालं ते १९५७ मध्ये, लुक होमवर्ड, एंजल. पुढच्या वर्षी या नाटकाला पुलित्झर मिळालं. ग्रिफिथने बाप केला, डब्ल्यू. ओ. गँट, थडग्यांचे दगड घडवणारा कारागीर, दारुडा, घरात वादळ घालणारा. त्याच्या दुकानात इटलीहून आणलेली कॅरारा संगमरवराची एक देवदूताची मूर्ती आहे. तशी मूर्ती आपल्या हातून घडावी म्हणून हा आयुष्यभर झुरला आणि ती काही घडली नाही, म्हणून ती विकायला तो तयार होत नाही. मुलाचं काम अँथनी पर्किन्सकडे होतं, आणि टोनी या ब्रॉडवेच्या नाट्यपुरस्काराला बाप आणि मुलगा दोघंही एकाच विभागात नॉमिनेट झाले. पुढच्याच वर्षी, १९५८ मध्ये, रोमला बेन-हरचं शूटिंग सुरू झालं. म्हणजे जो नट त्या तंबूत शिरला तो लिअर, गाँट, कॅलिबन, कॅप्टन कॅट आणि गँट करून आला होता. छोटी भूमिका भरलेली का वाटते याचं उत्तर इथे आहे.

मला त्याच्या सगळ्या कामांत एक धागा दिसतो आणि तो मी मुलांना नेहमी दाखवतो. त्याच्या प्रत्येक माणसाचं कशावर तरी जिवापाड प्रेम असतं आणि ते बहुतेक वेळा माणसावर नसतं, वस्तूवर किंवा जनावरावर असतं. शेखचे घोडे. गँटची मूर्ती. १९४९ च्या अ रन फॉर युवर मनी या ईलिंग स्टुडिओच्या सिनेमात तो लंडनमध्ये भरकटलेला दारुडा वेल्श वादक आहे, त्याची हार्प. १९५३ च्या टिटफिल्ड थंडरबोल्टमध्ये जुन्या रेल्वेच्या डब्यात राहणारा चोरटा शिकारी, त्याची गाडी. १९६३ च्या टॉम जोन्समध्ये स्क्वायर वेस्टर्न, त्याचे कुत्रे आणि शिकार, मुलगी नंतर. आणि १९६६ चा हाऊ टू स्टील अ मिलियन, पुन्हा वायलर, त्यात ऑड्री हेपबर्नचा बाप, पॅरिसमधला नकली चित्रं काढणारा शार्ल बोने. हा तर मला त्याच्या सिनेमांतला सगळ्यात आवडता. स्वतः काढलेल्या खोट्या व्हॅन गॉगकडे तो ज्या कौतुकाने बघतो ना, त्यात चोराचा लबाडपणा अजिबात नाही, त्याला खरंच वाटतं की आपण कलेची सेवा करतोय. मुलगी घाबरलेली, पोलिसांची भीती, आणि बापाच्या चेहऱ्यावर आनंद मावत नाही. ऑड्री हेपबर्नसमोर प्रेक्षकाचं लक्ष आपल्याकडे खेचणं किती नटांना जमलंय? याला जमलं, आणि तिला न झाकता जमलं.

संहिता हातात आली की बहुतेक मुलं विचारतात माझा माणूस चिडका आहे का, भित्रा आहे का, स्वभाव काय. हा प्रश्न कामाचा नाही, स्वभाव खेळताच येत नाही. याला काय आवडतं, कशाला हात लावला की याचा हात मऊ होतो, ते शोध. लेखकाने दिलं नसेल तर तू शोधून ठेव, डायरेक्टरला सांगायचीही गरज नाही.

आता वाईट भाग. दारू. स्क्वायर वेस्टर्नला पडद्यावर बघताना जी धुंदी दिसते ती पुष्कळदा खरी होती असं त्या युनिटमधल्या लोकांनीच नंतर सांगितलंय. शिकारीच्या दिवसांत एकदा घोडा त्याच्यावर कोसळला, ते ठरवलेलं नव्हतं, थोडक्यात वाचला, आणि तो तुकडा सिनेमात तसाच ठेवला गेला. त्या कामाला त्याला दुसरं ऑस्कर नॉमिनेशन मिळालं. लोक हा किस्सा रंगवून सांगतात, बघा काय मस्त कलंदर माणूस. मला त्यात मजा वाटत नाही. १९६२ मध्ये याच माणसाने ऑल्डविच थिएटरला ब्रेख्तच्या कॉकेशियन चॉक सर्कलमधला अझडाक केला होता, दारूच्या नशेत न्याय देणारा गावठी न्यायाधीश, रोज रात्री, शुद्धीत राहून, अवघड लय सांभाळत. नशा दाखवायला नशा लागत नाही याचा पुरावा त्याने स्वतःच दिला होता. पुढे साठीच्या आत-बाहेर कामांचा दर्जा घसरला, भयपटांमध्ये किरकोळ भूमिका, चेहऱ्यासाठी बोलावणं, येऊन दोन वाक्यं बोल आणि जा. मध्येच इटलीच्या पासोलिनीसारखा डायरेक्टर १९७२ मध्ये कँटरबरी टेल्समध्ये तरुण मुलीशी लग्न करणाऱ्या म्हाताऱ्या सरदाराचं काम देतो तेव्हा जुनी चमक दिसते. पण फॉल्स्टाफ केलेल्या माणसाकडे शेवटची पंधरा वर्षं स्टेजवरचं मोठं काम जवळजवळ राहिलं नाही, याची मला खरंच हळहळ वाटते.

एक काम मात्र त्याला घरच्यांनी दिलं. १९७८ मध्ये बीबीसी वेल्सने ग्रँड स्लॅम नावाची टीव्ही फिल्म केली, डायरेक्टर जॉन हेफिन. वेल्सचे रग्बीवेडे लोक मॅच बघायला पॅरिसला जातात, त्यात ग्रिफिथ म्हातारा अंत्यविधीवाला कॅराडॉग, जो महायुद्धात भेटलेली एक फ्रेंच मुलगी शोधायला निघालाय. बरेचसे संवाद नटांनी जागेवर रचलेले. वेल्समध्ये ही फिल्म आजही लोकांना तोंडपाठ आहे, आणि तिथल्या सामान्य माणसाला विचारलं तर तो बेन-हरच्या आधी हिचं नाव घेईल. १४ मे १९८० ला लंडनमध्ये तो वारला, अडुसष्टावा वाढदिवस दोन आठवड्यांवर होता.

ऑस्करचा हिशोब मागितलास म्हणून सांगतो, वेल्सच्या नटांमध्ये त्याच्या आधी फक्त रे मिलंडला मिळालं होतं, १९४५ च्या सिनेमासाठी. बर्टन सात वेळा नॉमिनेट होऊन रिकाम्या हाती राहिला. अँथनी हॉपकिन्स आला तो खूप नंतर.

तुझ्या तिसऱ्या प्रश्नाचं उत्तर बरंचसं वर आलंय. चेहरा हिरोचा नसेल तर सुरुवात उशिरा होते पण वयाची भीती नसते. सीरियलमधलं दोन दिवसांचं काम मिळालं तर घे, भाडं भरावंच लागतं, पण वर्षातून एक असं नाटक कर जे तुला पेलणार नाही असं वाटतं, भले चाळीस प्रेक्षकांसमोर. लिअरचा एक प्रवेश मराठीत घेऊन बसलास तरी चालेल. आवाजावर रोज काम कर, आणि माईकवर विसंबून राहू नकोस. बघायचं असेल तर आधी हाऊ टू स्टील अ मिलियन बघ, मग बेन-हरमधले शेखचे तेवढेच सीन एकापाठोपाठ एक, आवाज बंद करून एकदा आणि चित्र झाकून एकदा, आणि मग टॉम जोन्स. एकांकिकेतली तुझी आत्ताची भूमिका कोणती ते लिहिलं नाहीस, ते कळव, मग तिच्याबद्दल नेमकं बोलता येईल.